बिनदेवाचा आशीर्वाद

सोमवार, २८ एप्रिल २०२५. मलिंगार, आयर्लंड

आज चाळीस मिनिटं बोलले आणि एका प्रश्नात आडवी झाले.

गोवराच्या लसीकरणासाठी विभागानं मला ट्रॅव्हलर आरोग्य प्रकल्पाशी जोडून दिलं आहे. ट्रॅव्हलर म्हणजे याच मातीतले लोक, पिढ्यान् पिढ्या फिरस्तं जिणं जगलेले. दिसायला इतर आयरिश माणसांसारखे, पण रीत वेगळी, आपसातली बोली वेगळी. आठ वर्षांपूर्वी इथल्या सरकारनं त्यांना स्वतंत्र वांशिक समूह म्हणून मान्यता दिली. हे सगळं मी तीन आठवड्यांत वाचून काढलं. नऊ पुस्तकं, चार अहवाल. अभ्यास केल्याशिवाय मी व्यासपीठावर चढत नाही. कराडच्या आंतरशालेय स्पर्धेपासूनचा माझा नियम आहे.

समोर पाच बायका होत्या. सगळ्या ट्रॅव्हलर, सगळ्या आरोग्यसेविका. मी त्यांना त्यांचा इतिहास सांगितला. त्यांच्यावर झालेला अन्याय सांगितला. शेवटच्या पाच मिनिटांत आवाज चढवला, टेबलावर मूठ आपटली. टाळ्या पडल्या. मग त्यांची मुख्य, विनी मॉन, पन्नाशीची, कानात बांगडीएवढ्या सोन्याच्या रिंगा, बसल्या जागेवरून म्हणाली,

"ग्रँड. पुस्तकं बरीच झालीत, डॉक्टर. आमच्यापैकी कुणाच्या घरी चहा प्यायलात का कधी?"

"अजून नाही."

"तरीच. चहा मध्ये आला की लोकांचा गोंधळ होतो. तुमचं अगदी स्वच्छ आहे."

सगळ्या खो खो हसल्या. मीही हसले, पण घरी येईपर्यंत गाल तापलेले होते.

बुधवार, ३० एप्रिल

विनीनं आज काम समजावून सांगितलं. गावाबाहेरच्या हॉल्टिंग साइटवर, म्हणजे ट्रॅव्हलर कुटुंबांच्या ट्रेलरांसाठी राखलेल्या जागेवर, सत्तावीस मुलं आहेत ज्यांना गोवराची लस मिळालेली नाही. इकडे-तिकडे गोवर निघतो आहे. २४ मेच्या शनिवारी तिथेच लसीची गाडी न्यायची. चार वर्षं विनी ती दारं ठोठावते आहे. चार वर्षांत पहिल्यांदाच सत्तावीसच्या सत्तावीस मुलांची नावं आयांनी दिली आहेत.

"हा दिवस फसला तर पुढची चार वर्षं मला कुणी दार उघडणार नाही," ती म्हणाली. "तुम्हाला काय, दुसरी साइट मिळेल. मला तिथेच मरायचंय."

मग मला पढवलं: बायका डॉक्टरचं तोंड बघतील, मगच पोर हातात देतील. तेव्हा आधी एकदा जायचं. भाषण नाही. चहा.

जाता जाता कळलं की त्यांच्यात आमच्यासारख्यांना 'कंट्री पीपल' म्हणतात. म्हणजे गाववाले. मी म्हटलं, "अहो, मी तर या देशाचीही नाही." विनी म्हणाली, "चार भिंतींत राहता ना? मग गाववाल्याच." आपल्याकडे भटक्यांना गावकुसाबाहेरचे म्हणतात. कुसाच्या पलीकडून कुणी आपल्याला नाव ठेवलं आहे, ही गोष्ट इतक्या वर्षांत माझ्या डोक्यातच आली नव्हती.

मंगळवार, ६ मे

गेले. बसले. चहा प्याले, तोही दोन कप.

नॅन मॉनच्या ट्रेलरमध्ये बसलो होतो. नॅन म्हणजे विनीची सासू, अठ्ठ्याहत्तरची. साइटवर तिचा शब्द चालतो. ट्रेलर असा लखलखीत की माझ्या स्वयंपाकघराची लाज वाटली. काचेच्या कपाटात सोनेरी काठाच्या चिनीमातीच्या बशा उभ्या मांडलेल्या. आठ-दहा बायका दाटीवाटीनं आल्या. माझी विचारपूस झाली: माहेर कुठलं, नवरा काय करतो, मूल एकच का. एकच का, यावर बराच वेळ गेला.

नॅनची नातसून कॅथलीन, वीस वर्षांची. तिचा मुलगा ओवनी, तेरा महिन्यांचा. काय पोर आहे! तपकिरी कुरळे केस, डोळे पाणीदार, मांड्यांना वळ्या. मला राहवलं नाही. आपण मराठीत जसं मोकळेपणानं कौतुक करतो तसंच्या तसं इंग्रजीत केलं. म्हटलं, "काय देखणा आहे हो! अगदी नजर लागेल असा! कुणाची तरी नजर लागणार बघा याला!"

आपल्या बोलण्यातला रंग परभाषेत उतरवणं हीच खरी वक्तृत्वाची परीक्षा. मला वाटतं जमलं. बायका एकदम गप्प झाल्या, भारावल्यासारख्या. नॅननं कप खाली ठेवला. कॅथलीननं पोराला उचलून आत नेलं, बहुधा झोपेची वेळ झाली असावी. विनी मात्र लगेच उठली, "चला डॉक्टर, उशीर झाला," म्हणाली. गाडीत ती बोलली नाही. थकलेली दिसली. तिच्या वयाला एवढी पायपीट जड जात असणार.

जेवताना नवऱ्याला, सतीशला, सगळं सांगितलं. "पहिल्याच भेटीत जिंकलं," मी म्हटलं.

सतीश म्हणाला, "तू नेहमीच जिंकतेस गं. समोरच्याचा काय स्कोअर झाला?"

शुक्रवार, ९ मे

विनीचा फोन. अकरा आयांनी नावं काढून घेतली.

"का?"

"सोमवारी ऑफिसला या. फोनवर नको." आणि ठेवला.

हे येणारच होतं. लसीविरुद्धच्या अफवा! कुणाच्या तरी मोबाइलवर कुठला तरी व्हिडिओ फिरला असणार. विनीनं एवढंच सांगितलं की ओवनीला परवापासून ताप आहे. त्याचा याच्याशी काय संबंध? अजून लस तर कुणालाच दिलेली नाही.

संध्याकाळी भाषण लिहायला घेतलं. अफवांचा एकेक मुद्दा, त्यावर एकेक पुरावा. साधं, घणाघाती. अकराच्या अकरा परत आणीन.

माझी लेक पूर्वी शेजारी गृहपाठ करत होती. तिच्या वर्गात एक ट्रॅव्हलर मुलगी आहे. मी लिहिता लिहिता त्या दिवसाची हकीकत सांगितली तर पूर्वी पेन्सिल चावत म्हणाली (तिनं इंग्रजीत, मी मराठीत लिहिते), "आई, बाळाला छान म्हटल्यावर तू 'गॉड ब्लेस हिम' म्हणालीस ना?"

"मी का म्हणू? आपल्या घरात असलं काही नसतं."

"म्हणायचं असतं. सगळ्यांना माहितीये."

तिला म्हटलं, गणितं पुरी कर.

सोमवार, १२ मे

पूर्वीला माहीत होतं. तेरा वर्षांच्या मुलीला माहीत होतं.

विनीनं दार लावलं, खुर्ची ओढली आणि सांगितलं. पोराचं कौतुक केलं की लगोलग 'देव त्याचं भलं करो' म्हणायचं. नाही म्हटलं तर कौतुकाची नजर होते. एकेकाळी इथले सगळेच मानायचे, ट्रॅव्हलरांनी सोडलं नाही एवढंच.

"आणि तुम्ही नुसतं विसरला नाहीत, डॉक्टर. तुम्ही चक्क सांगितलंत की नजर लागणार आहे. बोट दाखवून. नॅनच्या घरात, नॅनच्या पणतवाला. आणि दुसऱ्या दिवशी पोराला ताप."

"अहो, तो वाक्प्रचार आहे! आमच्याकडे कौतुकच असतं ते!"

"मग तुमच्याकडे वाक्प्रचार कुठून आला?"

बावीस वर्षं मी गावोगाव सांगत आले की दृष्ट नावाची गोष्ट नाही. सोळा हजार लोकांसमोर सांगितलं आहे. आणि ती माझ्याच जिभेखाली बसली होती, भाड्यानं नव्हे, घरच्यासारखी.

विनी म्हणाली, "उपाय सोपा आहे. या, पोराच्या डोक्यावर हात ठेवा आणि 'गॉड ब्लेस हिम' म्हणा. ज्यानं नजर लावली त्यानंच काढायची असते. तीन शब्द."

मी म्हटलं, "मला जमणार नाही."

"सत्तावीस पोरं," एवढंच म्हणाली.

रात्री झोपण्यापूर्वी हे लिहून ठेवते, कारण स्वतःची बाजू मांडायची सवय आहे. २००३ साल, पाटणजवळचं प्राथमिक आरोग्य केंद्र, मी नवी मेडिकल ऑफिसर. आठ महिन्यांची मुलगी आणली. न्यूमोनिया. तीन दिवस घरी मीठ-मोहऱ्या ओवाळत होते. ओठ निळे, गालावर काजळाची ताजी तीट. माझ्या हातांत गेली. आई मला म्हणाली, "लई गोड होती, म्हणून नजर लागली." त्या रविवारी मी अंधश्रद्धेविरुद्ध सभा घेणाऱ्या बाळासाहेबांच्या विवेक मंडळात गेले आणि पहिलं भाषण केलं. तेव्हापासून थांबले नाही.

त्या पोरीला आठवून मी 'गॉड ब्लेस' कशी म्हणू? उद्या ओवनीचा ताप वाढला आणि नॅननं म्हटलं की आता डॉक्टर कशाला, आशीर्वाद मिळालाय, तर?

मंगळवार, १३ मे

काही सुचत नाही. भाषण फाडलं.

सतीश म्हणतो, "तीन शब्द म्हण आणि मोकळी हो. कोण बघतंय?" मी म्हटलं, "मी बघतेय." तो म्हणाला, "हो, ते एक आहेच. तुला प्रेक्षक लागतोच."

दोन तास त्याच्याशी बोलले नाही. मग त्यानं पोहे केले.

गुरुवार, १५ मे

सगळं क्रमानं लिहिते, कारण यातलं काही विसरायचं नाही.

विनीला म्हटलं, येते, पण काय बोलेन ते मलाही माहीत नाही. ती म्हणाली, "तुम्हाला? देवा रे."

नॅन त्याच कोचावर. या वेळी चहा विचारला नाही. मी उभीच होते. कॅथलीनच्या खांद्यावर ओवनी, गाल लाल, किरकिरा.

"नजर लावून गेलीस," नॅन म्हणाली.

"मुद्दाम नाही."

"मुद्दाम असता तर आज दाराशीही आली नसतीस. म्हण आता."

मी म्हटलं, "नॅन, मी देव मानत नाही. मी नुसतं तोंडानं म्हटलं तर ते खोटं होईल. तुमच्या घरात मी खोटं बोलणार नाही."

नॅन विनीकडे वळली. "ही म्हणते हिला देव नाही."

"डॉक्टर आहे ती, नॅन."

"माझा दातांचा डॉक्टरपण डॉक्टरच होता. त्याला होता देव."

"त्यानं चुकीचा दात काढला होता, नॅन," कॅथलीन म्हणाली.

"ते वेगळं." मग नॅन माझ्याकडे बघून म्हणाली, "मी तुला देवाचं विचारलंच नाही. या पोराचं भलं चिंतलंस की वाईट?"

"भलं. अर्थात भलं!"

"मग तोंडानं म्हण. मनातलं मला ऐकू येत नाही, माझे कान गेलेत."

शब्द न सुचण्याची मला सवय नाही. मी उभी होते, तिघी बघत होत्या, आणि इंग्रजीत असलेलं प्रत्येक वाक्य देवापाशी जाऊन थांबत होतं. तेवढ्यात ओवनीनं हात पुढे केला आणि माझ्या गळ्यातली साखळी धरली. माझा हात आपसूक त्याच्या डोक्यावर गेला. केस घामानं ओले होते. आणि तोंडातून निघालं,

"औक्षवंत हो, बाळा."

नमस्काराला वाकलेल्या कुठल्याही पोराला आपल्याकडे मोठी माणसं जे म्हणतात, तेच. माझी आत्या म्हणायची. लहानपणी शंभर वेळा ऐकलेला शब्द. मी स्वतः कुणाला कधी म्हटल्याचं आठवत नाही.

"हे काय म्हणालीस?" नॅन.

"माझ्या भाषेतला आशीर्वाद. तुला पुष्कळ आयुष्य मिळो."

"देणार कोण?"

"त्यात कुणाचं नावच नाहीये."

नॅननं डोळे मिटले. मला वाटलं, संपलं.

"बरं," नॅन म्हणाली. "नाव नाही घेतलंस तरी चालेल. ज्याचं काम आहे त्याला कळतं. पुन्हा म्हण, मोठ्यानं."

मी पुन्हा म्हटलं. मोठ्यानं म्हणणं मला येतं.

पण माझं मन पाटणलाच होतं. लगेच सुरू केलं, "पण नॅन, यानं ताप उतरत नाही. आशीर्वाद वेगळा, आजार वेगळा. या मुलाला ताबडतोब डॉक्टरकडे..."

कॅथलीननं पोराला विनीकडे दिलं. प्रेस उघडलं (इथे भिंतीतल्या कपाटाला प्रेस म्हणतात), त्यातून मापाची सिरिंज काढली. फ्रिजमधून गुलाबी औषधाची बाटली काढली. दोन्ही माझ्यासमोर टेबलावर ठेवली.

"कान," ती म्हणाली. "शुक्रवारीच नेलं होतं. दिवसातून तीनदा, सात दिवस. उद्या संपतं." आणि बाटलीवर पेननं ओढलेल्या रेघा दाखवल्या. एकही डोस चुकलेला नव्हता.

नॅन म्हणाली, "आम्ही काय वेड्या आहोत? ताप डॉक्टरनं काढायचा, नजर तू काढायची. ज्याचं त्यानं."

मी कोचावर बसले. कुणी बस म्हणायच्या आधीच.

मी पाटणची मुलगी यांच्या दारात उभी केली होती. ज्यांनी ती कधी पाहिली नाही, ज्यांनी आपल्या पोराला वेळेत दवाखान्यात नेलं, त्यांच्याकडून मी तिचा हिशेब मागत होते. आणि यातलं काहीच मी विचारलं नव्हतं. 'पोराला डॉक्टरकडे नेलंत का?' चार शब्द. नऊ पुस्तकं वाचली, पण हे चार शब्द बोलले नाही.

मग चहा आला. सोनेरी काठाच्या कपातून. विनी म्हणाली की तो कप पाहुण्यांना देत नाहीत, जवळच्यांना देतात. मी विचारलं, "मग मागच्या वेळी?" "मागच्या वेळी साधाच दिला होता. तुम्ही बोलत होतात, तुम्हाला दिसला नाही."

शुक्रवार, १६ मे

बाळासाहेबांना फोन केला. लपवणं मला जमत नाही, त्यांच्यापासून तर नाहीच. ब्याऐंशी वर्षांचे आहेत, आवाज अजून खणखणीत.

"म्हणजे तू दृष्ट काढलीस."

"नाही बाळासाहेब. सदिच्छा दिली."

"शब्दच्छल करू नकोस. शब्दच्छल तुला मी शिकवलाय."

"मग शिकवणाऱ्यानं तरी ओळखावा की हा तो नाही! मी एक अक्षर खोटं बोलले नाही. देवाचं नाव घेतलं नाही. त्यांच्या पोराला आयुष्य मिळो असं मला वाटतं, ते मी म्हणाले. यात अंधश्रद्धा कुठे आहे?"

"ऐकणाऱ्याच्या कानात आहे."

"ऐकणाऱ्यानं औषधाचा एक डोस चुकवला नाही, बाळासाहेब! आपल्या मंडळातले निम्मे लोक अँटिबायोटिक तिसऱ्या दिवशी सोडून देतात. तुम्हीसुद्धा!"

पलीकडे खोकला. मग म्हणाले, "आपण गावात जायचो, सभा घ्यायचो, परत यायचो. कुणाच्या फ्रिजमध्ये काय आहे ते बघितलं नाही, खरं आहे. पण तू घसरलीस असं माझं मत आहे. मत बदलत नाही."

"माझंही नाही."

"उत्तम. वाद चालू ठेवू. त्या मुलाचा ताप कसा आहे?"

"उतरला."

"सात दिवस पुरे करायला सांग."

मी सांगितलं की ते त्यांना माझ्यापेक्षा चांगलं कळतं. गुरूशी न भांडता ज्यानं मत सोडलं त्याचं मतच नव्हतं. मी भांडले. बरं वाटलं.

बुधवार, २१ मे

अकरापैकी नऊ नावं परत आली. मी काहीच केलं नाही. काठी टेकत नॅन स्वतः दारोदार गेली. विनी म्हणते, तिनं प्रत्येक दारी एकच वाक्य सांगितलं: "बाई गाववाली आहे, देवही नाही तिला, पण खोटं बोलत नाही."

इतकी सन्मानपत्रं मिळाली आजवर, शाली मिळाल्या. यातल्या एकावरही एवढं नेमकं लिहिलेलं नव्हतं.

शनिवार, २४ मे

सकाळी आठला गाडी साइटवर लागली. मी, विनी, तिच्या चार सेविका आणि लस देणारी नर्स एमर. पाऊस भुरभुरत होता. नॅननं गाडीच्या दाराशी प्लॅस्टिकची खुर्ची मांडून घेतली होती, मांडीवर ब्लँकेट, जणू तिकीट तपासनीस.

सव्वानऊपर्यंत एकही आई आली नाही.

मी सव्वानऊपर्यंत गप्प होते. हे माझ्या नावावर लिहून ठेवावं. दोनदा तोंड उघडलं, दोनदा विनीनं नुसतं बघितलं. "चर्चच्या प्रार्थनेला गेल्यासारख्या वेळेवर येत नाहीत त्या," ती म्हणाली. "केस विंचरतायत पोरांचे. फोटो काढायचेत."

मग दारं उघडली. पोरं इस्त्रीच्या कपड्यांत, मुलींच्या केसांत फुगलेले बो. लग्नाला निघाल्यासारखी वरात. पहिली आली कॅथलीन, ओवनीला घेऊन. कान बरा, मांड्यांच्या वळ्या जागेवर.

एमरनं त्याला बघितलं. "अरे, काय गोंडस आहे हा..." म्हणाली आणि दचकून थांबली. इथलीच पोर ती, शब्द तिलाही ठाऊक होते, पण घाबरून विसरली. सिरिंज हातात, रांग स्तब्ध. सगळ्यांचे डोळे तिच्यावर. आणि मग माझ्यावर.

माझा सभेचा आवाज, ज्याला माइक लागत नाही, तो बाहेर पडला. "औक्षवंत हो!"

त्याच्या पाठोपाठ रांगेतल्या सगळ्या बायका एका सुरात म्हणाल्या, "गॉड ब्लेस हिम!" एमरही म्हणाली. ओवनीला सुई टोचली. तो असा रडला की साइटवरची कुत्री भुंकायला लागली.

दुसरी मुलगी पाच वर्षांची. हात पुढे करायच्या आधी तिनं मला विचारलं, "मला ते नाही का? ऑक्सवंट?"

"आहे ना. औक्षवंत हो."

तिसऱ्यानं मागितलं. चौथ्यानं मागितलं. एकानं लस घेतल्यावर परत रांगेत उभं राहून दुसऱ्यांदा मागितलं. नॅन म्हणाली, "एकच मिळतं, चल, पुढचा." मोठ्या मुलांनी ते ओरडायला सुरुवात केली, "ऑक्सवंट हो, ऑक्सवंट हो," फुटबॉलच्या मॅचमध्ये ओरडतात तसं.

उरलेल्या दोन आयाही आल्या. एक मान खाली घालून, एक भांडत: "माझ्या मर्जीनं आलेय, म्हातारीनं सांगितलं म्हणून नाही." नॅन म्हणाली, "मी कुठे काय म्हटलं?" पाहुणे आलेल्या भावकीतली चार पोरंही कुणी तरी रांगेत घुसवली. सत्तावीस अधिक चार. एकतीस!

सव्वाबाराला संपलं. विनी गाडीच्या पायरीवर बसली आणि चेहऱ्यावर हात ठेवून रडली. मी शेजारी बसले. बोलायला माझ्याकडे दहा वाक्यं तयार होती, त्यातली आठ चांगली होती. एकही बोलले नाही. खांद्याला खांदा लावून बसलो. माझी मान इतकी ताठ होती की जणू ती एकतीसही माझीच. माझी नव्हती. पण ती ज्यांची होती, त्यांच्या शेजारी मला जागा मिळाली होती.

बाळासाहेबांना संदेश धाडला: एकतीसपैकी एकतीस. उत्तर आलं: "आनंद झाला. शब्दाबद्दलचा वाद कायम."

सोमवार, २६ मे

मोहिमेचा अहवाल आज संगणकात भरायचा होता. रकाने नेहमीचे. दिनांक, स्थळ, दिलेल्या मात्रा. मग एक रकाना: 'समुदायाकडून आलेले अडथळे.'

अहवालातल्या या रकान्यात आजवर मी स्वतः काय काय भरलं आहे! अज्ञान. अंधश्रद्धा. असहकार. सुंदर भाषेत.

आज लिहिलं: 'एकही नाही. अडथळा डॉक्टरकडून आला. डॉक्टरला तिथली रीत माहीत नव्हती आणि तिनं विचारली नाही.'

पुढचा रकाना: 'निराकरण करणारे तज्ज्ञ.' मी लिहिलं: श्रीमती विनी मॉन, श्रीमती नॅन मॉन.

विभागातून फोन आला. अहवाल तपासणारा मुलगा सौम्य आहे, चाचरत म्हणाला, "डॉक्टर, तज्ज्ञांमध्ये सहसा आपली नावं असतात. आणि पहिल्या रकान्यात तुम्ही स्वतःबद्दल... असंच पाठवू?"

"असंच पाठवा. सही माझीच आहे."

"ठीक. पण तज्ज्ञाची पात्रता भरावी लागते. तो रकाना रिकामा असला तर सिस्टीम पुढे जात नाही. काय टाकू?"

म्हटलं, थांबा, विचारून सांगते. न विचारता कुणाबद्दल काही लिहायचं नाही, एवढं आता शिकले आहे. विनीला फोन लावला. मागे कुठे तरी पोरं ओरडत होती, नॅन कुणाला तरी रागावत होती.

"पात्रता?" विनी म्हणाली. "लिहा, इथली आहे."

"एवढंच?"

"नॅनचीही तीच लिहा."

लिहिलं. सिस्टीम पुढे गेली.